वैनगंगाकाठची बोली आणि आपला कान

दोन जवळच्या भाषा बोलणारी माणसे परस्परांस कितपत समजू शकतात, या प्रश्नाचे उत्तर विद्वान मंडळी बहुधा व्याकरणात आणि शब्दकोशात शोधतात. प्रत्यय किती जुळतात, धातू किती समान आहेत, उच्चारांत फरक किती, याचा हिशेब करावयाचा आणि साम्य अधिक निघाले तर समज अधिक, कमी निघाले तर समज कमी, असा निकाल द्यावयाचा, ही नेहमीची रीत आहे. ती अगदीच टाकाऊ आहे असे आमचे म्हणणे नाही. परंतु तीत एक गोष्ट नकळत गृहीत धरलेली असते, ती ही की, समज दोन्ही बाजूंनी सारखीच असावयाची. वाटेच्या अंतराविषयी हे खरे आहे. भंडाऱ्याहून पुणे जितके दूर, तितकाच पुण्याहून भंडारा दूर. भाषेच्या बाबतीत मात्र हा हिशेब फसतो. भंडाऱ्याच्या शेतकऱ्यास पुण्याची मराठी बहुतेक सगळी समजते. पुण्याच्या पदवीधरास भंडाऱ्याच्या शेतकऱ्याचे घरगुती बोलणे निम्मेशिम्मेच उमगते. हा फरक कोठून आला आणि आपल्या वाङ्मयाशी त्याचा संबंध काय, याचा विचार प्रस्तुत लेखात करण्याचा आमचा मानस आहे.

मराठीच्या बोलींचा पहिला मोठा पद्धतशीर आढावा म्हणजे ग्रिअर्सनसाहेबांच्या भारतीय भाषांच्या पाहणीचा सातवा खंड होय. तो १९०५ साली प्रसिद्ध झाला. त्याचे मुख्य काम स्टेन कोनो या नॉर्वेजियन पंडिताने केले, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कोणाच्या स्मरणात नसते. कोकणापासून नागपूरच्या पूर्वेकडील मुलुखापर्यंतच्या बोली या खंडात एकत्र आल्या आहेत. बस्तरकडील हलबीसही त्यात जागा मिळाली आहे. या ग्रंथाचे आपल्यावरील ऋण थोर आहे. ज्या बोलींकडे त्या काळच्या सुशिक्षित मराठी माणसाने ढुंकूनही पाहिले नव्हते, त्यांची व्याकरणे एका परकीयाने आस्थेने लिहून ठेवली.

तरीही या पाहणीच्या पद्धतीत एक उणीव आहे. बायबलातील उधळ्या पुत्राची कथा निरनिराळ्या बोलींत उतरवून घ्यावयाची आणि त्या नमुन्यांवरून भेद ठरवावयाचे, ही तिची मुख्य युक्ती. एकच कथा सर्वत्र असल्याने तुलना सोपी होते, हे खरे. पण अशा नमुन्यावरून माणूस बोलतो कसे एवढेच कळते. त्याचे बोलणे कोणास समजते आणि त्याला स्वतःला किती जणांचे समजते, हे त्यावरून कळत नाही. पाहणीने तोंडाची नोंद केली, कानाची केली नाही. आणि नवल असे की, कानाचा हा प्रश्न जगात जेथे अत्यंत ठळकपणे दिसतो, तो प्रदेश म्हणजे कोनोंची स्वतःची जन्मभूमी आणि तिचे शेजारी देश.

डेन्मार्क, नॉर्वे व स्वीडन या तीन देशांच्या भाषा एकाच जुन्या भाषेच्या लेकी आहेत. नॉर्वे १३८० पासून १८१४ पर्यंत डेन्मार्कशी आणि नंतर १९०५ पर्यंत स्वीडनशी एका राजाखाली जोडलेला होता. कोनोंचा खंड निघाला त्याच वर्षी तो स्वतंत्र झाला. शतकानुशतके नॉर्वेत लिहिण्याची भाषा डॅनिश होती. एकोणिसाव्या शतकात ईवार आसेन नावाच्या शेतकऱ्याच्या मुलाने खेडोपाडी हिंडून बोली गोळा केल्या, १८४८ साली त्यांचे व्याकरण व १८५० साली कोश प्रसिद्ध केला आणि त्यांच्या आधारे दुसरी लेखनभाषा उभी केली. आजही नॉर्वेत दोन लेखनभाषा नांदतात. आणि बोलताना तर प्रत्येक जण आपापल्या खोऱ्याची बोली बेधडक बोलतो, मग तो सभागृहात असो की आकाशवाणीवर.

या तिन्ही देशांचे लोक एकत्र जमले म्हणजे पुष्कळदा प्रत्येक जण स्वतःचीच भाषा बोलतो आणि दुसऱ्याची ऐकून घेतो. आयनार हाउगेन या अमेरिकन विद्वानाने १९५२ च्या सुमारास या व्यवहाराची प्रश्नावलीद्वारा चौकशी केली आणि पुढे १९६६ साली त्यास एक नाव दिले. मराठीत त्यास ‘अर्धसंवाद’ म्हणता येईल. त्याला आढळले ते असे की, समज सर्वत्र सारखी नाही. नॉर्वेजियन माणूस शेजाऱ्यांस सर्वांत चांगला समजून घेतो. डेन आणि स्वीड यांचे परस्परांत अधिक अडते. त्यातही डेन माणसास स्वीडिश जितकी कळते, तितकी स्वीडास डॅनिश कळत नाही. डेलसिंग व लुंडिन ओकेसोन यांनी २००५ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीतही नॉर्वेजियन अग्रेसरच राहिले. डेन्मार्कसमोरच्या किनाऱ्यावरील माल्मोच्या लोकांस स्टॉकहोमवाल्यांपेक्षा डॅनिश अधिक समजते, हेही तीत दिसून आले. त्याबरोबरच तरुण पिढीची समज आईबापांपेक्षा कमी झाल्याचेही आढळले.

ही विषमता कशामुळे? एक कारण उच्चाराचे आहे. डॅनिश माणूस लिहिलेली पुष्कळ व्यंजने बोलताना गिळतो. स्वीड ती स्पष्ट उच्चारतो. त्यामुळे डेनास स्वीडिश ऐकताना आपल्याच शाळेतील शुद्धलेखनाची मदत होते. त्याच्या तोंडात नसलेले व्यंजन त्याच्या पुस्तकात असते. स्वीडास अशी मदत कोठून मिळणार? दुसरे कारण सवयीचे. नॉर्वेजियन मनुष्य लहानपणापासून देशातील दहा तऱ्हा ऐकतो, दोन तऱ्हांनी लिहिलेले वाचतो. म्हणून आणखी एक तऱ्हा कानी पडली तर तो गांगरत नाही.

शब्दांचे सापळे तेथेही आहेत. ‘रोलिग’ हा एकच शब्द डॅनिशमध्ये ‘शांत’ आणि स्वीडिशमध्ये ‘गमतीदार’ अशा अर्थाचा आहे. डॅनिश संख्यावाचकांची तर शेजाऱ्यांनी धास्तीच घेतली आहे. पन्नासास डेन ज्या शब्दाने ओळखतो, त्याचा मूळ अर्थ ‘तिसरा अर्धा असे वीस’, म्हणजे अडीच विसा. मराठी वाचकास यात नवल वाटू नये. आपला ‘अडीच’ संस्कृत ‘अर्धतृतीय’ यातूनच आला आहे आणि विसांनी मोजण्याची चाल आपल्याही खेड्यांत होती. स्टॉकहोमच्या माणसास जे कोडे वाटते, ते आपल्या एखाद्या आजीबाईस समजावून सांगावे लागले नसते.

प्रत्येकाने आपली भाषा बोलावी आणि दुसऱ्याची समजून घ्यावी, ही कल्पना आपणांस परकी वाटण्याचे तर मुळीच कारण नाही. संस्कृत नाटके वाचलेल्यांस ती चांगली परिचित आहे. शाकुंतलात दुष्यंत संस्कृत बोलतो, शकुंतला व तिच्या सख्या शौरसेनी बोलतात, मुद्रिका सापडलेला कोळी मागधी बोलतो. आणि रंगभूमीवर कोणीही कोणास ‘आपण काय म्हणालात?’ असे विचारीत नाही. मात्र त्या व्यवस्थेत एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. कोणी काय बोलावे हे पात्राच्या दर्जावरून ठरलेले असे. समज सर्वांना होती. मान सर्वांच्या भाषेला सारखा नव्हता.

आता वैनगंगेकडे वळू. भंडारा, १९९९ साली त्यातून वेगळा झालेला गोंदिया, तसेच चंद्रपूर व गडचिरोली या जिल्ह्यांचा दाट रानाचा व तळ्यांचा जो भाग, त्यास झाडीपट्टी म्हणतात आणि तेथील मराठीस झाडीबोली. साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी या बोलीच्या अभ्यासासाठी केलेले श्रम सर्वश्रुत आहेत. या बोलीत ‘ण’ नाही, त्याचे काम ‘न’ करतो. ‘पाणी’ ते ‘पानी’, ‘लोणी’ ते ‘लोनी’. ‘श’ व ‘ष’ यांचे काम ‘स’ करतो. ‘ळ’ च्या जागी ‘र’ येतो. वऱ्हाडात ज्याचा ‘डोया’ होतो त्या डोळ्याचा झाडीत ‘डोरा’ होतो, फळाचे ‘फर’ होते. हे फेरफार लहरीने झालेले नाहीत, त्यांस नियम आहे. स्वीड जेथे रस्त्यास ‘गाता’ लिहितो तेथे डेन ‘गादे’ लिहितो, हा जसा नियम, तसाच हा. नियम एकदा कानास ठाऊक झाला की अडचण सरते.

उच्चारांहून मोठा फरक संसाराच्या शब्दांत आहे. भंडारा हा धानाचा मुलूख. कोकणातील किंवा मावळातील शेतकरीही तेच पीक घेतो. तरी त्याचे खाचर ते येथे बांधी, त्याचा तरवा ते येथे पऱ्हे, त्याची लावणी ती येथे रोवणी आणि त्याचा पेंढा तो येथे तणस. कोकणात पिकासही भात म्हणतात आणि ताटातल्या अन्नासही भातच. भंडाऱ्यात शेतात धान असते आणि शिजल्यावर त्याचा भात होतो. लहान तळ्यास बोडी म्हणतात. मालगुजारांच्या काळी बांधलेली मोठी तळी पुढे ‘माजी मालगुजारी तलाव’ झाली आणि आद्याक्षरांवरून सर्वांच्या तोंडी त्यांचे ‘मामा तलाव’ झाले. परगावच्या माणसास हा कोणाचा मामा असा प्रश्न पडावा, यात आश्चर्य नाही. व्याकरणातही सापळे आहेतच. ‘तो जेवून राहिला’ असे भंडाऱ्यात म्हटले म्हणजे तो या घटकेस जेवीत आहे असा अर्थ. पुण्याचा श्रोता समजतो की, पाहुणा जेवला आणि मुक्कामास राहिला. ‘रोलिग’ची ही आपली घरची आवृत्ती होय.

असा हा फरक असूनही भंडाऱ्याच्या माणसाचे पुण्याच्या मराठीवाचून अडत नाही, ते का? कारण तो आपल्याकडचा नॉर्वेजियन आहे. त्याच्या एका बाजूस बालाघाटची हिंदी आहे, गोंदियापलीकडे छत्तीसगडी आहे. पोवार शेजाऱ्याच्या घरी हिंदीच्या कुळातील पोवारी त्याच्या कानी पडते. नागपुरास गेला की नागपुरी बोली भेटते. १९५६ पर्यंत हा जिल्हा ज्या राज्यात होता, तेथील कारभारात हिंदी व मराठी दोन्ही चालत. शिवाय डेनास जी मदत शुद्धलेखनाची, तीच यालाही आहे. तोंडात ‘डोरा’ असला तरी पाठ्यपुस्तकात ‘डोळा’ त्याने पहिल्या इयत्तेपासून गिरवला आहे. पुण्याच्या मुलाने मात्र ‘डोरा’ असा छापलेला शब्द सबंध शालेय जीवनात बहुधा पाहिलेला नसतो. म्हणजे एकाच्या पदरी दोन मराठी आहेत आणि दुसऱ्याच्या पदरी एक. ज्याला आपण ‘अडाणी बोली बोलणारा’ म्हणतो, तो कानाच्या बाबतीत अधिक शिकलेला असतो.

आमच्या मते येथेच या विषयाचे मर्म आहे. समजणे हा भाषांचा गुण जितका आहे, त्याहून अधिक तो श्रोत्याच्या सवयीचा गुण आहे. आणि सवय कोणी कोणाची करून घ्यावयाची, हे भाषेच्या प्रतिष्ठेवरून ठरते. मोलस्वर्थचा कोश १८३१ साली निघाला, दादोबा पांडुरंगांचे व्याकरण १८३६ साली निघाले, आणि तेव्हापासून छापील मराठीचे माप पुण्या-मुंबईकडे राहिले. एका प्रमाणाची आवश्यकता आम्ही नाकारीत नाही. ते नसते तर हा लेख भंडारा व रत्नागिरी या दोन्ही ठिकाणी वाचला गेला नसता. परंतु प्रमाणभाषा ही बाजारातल्या मापासारखी सर्वांच्या सोयीची वस्तू आहे; मापात न बसणारा माल खोटा ठरविणे हे मापाचे काम नव्हे. मराठीचे आद्य गद्य ज्या महानुभावांनी लिहिले, त्यांचे केंद्र वऱ्हाडात रिद्धपुरास होते. चक्रधरांच्या अत्यंत निष्ठावंत शिष्यांपैकी एकाचे नावच नीळभट भांडारेकर. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीस अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, तेव्हा आपण या प्राचीनत्वाचा अभिमानाने उच्चार केला. ज्या मुलुखाच्या पुण्याईवर हा मान मिळाला, त्या मुलुखाची आजची बोली मात्र आपणांस तळटीपेवाचून वाचवत नाही, ही विसंगती विचार करण्यासारखी आहे.

यावर दोन आक्षेप येतील. पहिला असा की, बोली मुळातच दुर्बोध असतात, वाचकाने किती श्रम करावेत? यास आपल्या वाङ्मयाच्या इतिहासानेच उत्तर दिले आहे. १९५२ साली बहिणाबाईंची गाणी पुस्तकरूपाने आली, तेव्हा खानदेशाबाहेरील वाचकास त्यांतील कितीतरी रूपे अनोळखी होती. आज ती मराठी घराघरांत म्हटली जातात. १९५५ च्या ‘बनगरवाडी’ने माणदेश आणि १९६० च्या उद्धव शेळके यांच्या ‘धग’ने वऱ्हाड मराठी वाचकाच्या ओळखीचे केले. ‘धग’ वाचणाऱ्या पुणेकरास पहिली काही पाने जड गेली असतील. पुढे कौतिकच्या संसाराने त्यास असे धरून ठेवले की, भाषेची अडचण तो विसरून गेला. तेव्हा अडचण बोलीत नाही, अपरिचयात आहे, आणि अपरिचय दूर करण्याचे वाङ्मयाहून चांगले साधन नाही.

दुसरा आक्षेप उलट दिशेचा आहे. इतका फरक आहे तर झाडीबोली ही स्वतंत्र भाषाच का म्हणू नये? कोकणीचे उदाहरण या संदर्भात डोळ्यांसमोर येते. कोनोंनी कोकणीस मराठीच्या खंडात बसविले. साहित्य अकादमीने १९७५ साली तिला स्वतंत्र भाषा मानले आणि १९९२ साली तिचा घटनेच्या आठव्या परिशिष्टात समावेश झाला. यात कोणाचे व्याकरण बरोबर, हा वाद आम्ही येथे उकरून काढीत नाही. एवढे मात्र खरे की, भाषा कोणती आणि बोली कोणती, हे केवळ परस्परांच्या समजुतीवर ठरत नाही. तसे असते तर डॅनिश, नॉर्वेजियन व स्वीडिश या तीन भाषा न राहता एकच झाली असती. बोलणारांचा स्वाभिमान, त्यांचा इतिहास आणि त्यांना मिळालेली वागणूक ही त्यात निर्णायक ठरतात. झाडीपट्टीचे लोक आपणांस मराठीच म्हणवितात आणि त्यांनी ते तसे म्हणवीत राहावे, अशी आमची इच्छा आहे. पण ही इच्छा पुरी होणे केवळ त्यांच्या हाती नाही. घरात ज्याचे बोलणे कोणी ऐकून घेत नाही, तो एके दिवशी वेगळी चूल मांडतो, यात दोष एकट्या त्याचा नसतो.

आता टीकाकार या नात्याने आमचे मुख्य गाऱ्हाणे सांगतो. झाडीबोलीत कविता आहेत, तिची साहित्य संमेलने भरतात. दंडारीसारखी तिची लोकनाट्ये जुनी आहेत. दिवाळीनंतर झाडीपट्टीतील नाटके रात्र रात्र चालतात आणि त्यांस हजारो प्रेक्षक जमतात. या रंगभूमीवरील परशुराम खुणे यांस २०२३ साली पद्मश्री मिळाली. असे असता आमच्या मासिकांत या वाङ्मयाची परीक्षणे किती आली? जी आली त्यांतही परीक्षकाचा सूर बहुधा कौतुकाचा असतो. लहान मुलाने दोन शब्द बरे उच्चारले म्हणजे पाठ थोपटावी, तसा. हे कौतुक अनादराहून बरे, पण ती समीक्षा नव्हे. झाडीबोलीतील कवितेत कोणती सरस, कोणती नीरस, कोठे बोली अर्थासाठी आली आहे आणि कोठे केवळ नवलाईसाठी, हे परखडपणे सांगणे हाच तिचा खरा सन्मान. तो करावयाचा तर आधी ती समजली पाहिजे.

कथालेखकांविषयीही हेच. नायकाने शुद्ध बोलावे आणि गड्याने, विदूषकाने बोली बोलावी, ही संस्कृत नाटकाची वाटणी आपल्या कथांतून अजून गेलेली नाही. झाडीपट्टीच्या स्वतःच्या रंगभूमीवरही गंभीर प्रसंगी भाषा प्रमाणाकडे झुकते आणि बोली विनोदापुरती उरते, असे पुष्कळदा दिसते. ज्या भाषेत आई मुलास निजविते, ज्या भाषेत माणूस मेलेल्यासाठी रडतो, ती केवळ हसविण्यास उपयोगी अशी समजूत लेखकाने करून घ्यावी, आणि ती त्या बोलीच्याच लेकरांनीही मान्य करावी, ही खरी हानी होय. तिचे मूळ शाळेत आहे. पहिलीतले मूल पाटीवर ‘पानी’ लिहिते आणि त्याला ते चूक म्हणून सांगितले जाते. ‘पुस्तकात पाणी लिहितात, घरी आपण पानी म्हणतो’ एवढे सांगितले तर मुलास दोन्ही येतील. चूक म्हटले की त्याला आईची भाषा चुकीची वाटू लागते. नॉर्वेच्या मुलास जे वैभव म्हणून मिळते, ते आपण भंडाऱ्याच्या मुलाकडून दंड म्हणून वसूल करतो.

उपाय फार मोठे नाहीत. संपादकांनी झाडीबोलीतील मजकूर छापताना दर ओळीस तळटीप देण्याचा मोह आवरावा; संदर्भावरून जे कळते ते कळू द्यावे आणि धान, बांधी, रोवणी यांसारखे शब्द मराठीच्या सामान्य भांडारात येऊ द्यावेत. पाठ्यपुस्तकांच्या कर्त्यांनी पुणे-मुंबईच्या मुलांसाठी निदान एक पाठ वैनगंगाकाठच्या बोलीत घालावा. आजवर शिकण्याचे सारे ओझे एकाच बाजूने वाहिले आहे. आणि आमच्या वाचकांस आमची एवढीच विनंती की, झाडीबोलीतील एखादी कविता हाती आली तर ती मनात न वाचता घरात सर्वांना ऐकू जाईल अशी मोठ्याने वाचावी. ‘ळ’ च्या जागी ‘र’ आणि ‘ण’ च्या जागी ‘न’ एवढे ध्यानात ठेवून दोन-तीन वेळा वाचली की पुष्कळसा अर्थ आपोआप उलगडेल. जो शब्द तरीही अडेल, तो भंडाऱ्याकडच्या एखाद्या परिचितास विचारावा. आपली बोली समजून घेण्यासाठी पुण्याहून कोणी विचारणा करतो, हे ऐकून त्यालाही संतोष वाटेल.